रणगाडा आणि वजनाचा हिशोब

परतीचा पाऊस लांबला की वाळवा-पलूसकडच्या काळ्या रानातून उसाची भरलेली ट्रॉली बाहेर काढणं हे दिवसभराचं काम होऊन बसतं. चाकं आसापर्यंत रुततात, पुढं दुसरा ट्रॅक्टर जोडला तर तोही जागेवरच चाकं फिरवत बसतो. त्याच रानात वीस टनांचा पोकलेन मात्र चेनवर आरामात इकडून तिकडं जातो. त्याचं वजन जमिनीवर पसरलेलं असतं, म्हणून त्याला हे जमतं. रणगाडा जन्माला आला तो याच गरजेतून, आणि पुढच्या शंभर वर्षांत तो जिथं जिथं फसला त्यातल्या बऱ्याच ठिकाणी मूळ दुखणंही वजनाचंच होतं.

आधी आकडे बघू. ट्रकच्या टायरात शंभर-एकशेदहा पौंड हवा असते. टायर जमिनीला ज्या दाबानं टेकतो तो साधारण आतल्या हवेएवढाच असतो, म्हणजे चौरस सेंटिमीटरला 7 ते 8 किलो. आता आपल्या लष्कराकडचा टी-72 घ्या. वजन 41 टन. एकेक चेन 58 सेंटिमीटर रुंद, आणि तिचा सुमारे 428 सेंटिमीटर भाग जमिनीला टेकलेला. दोन्ही चेनचं मिळून क्षेत्रफळ होतं जवळपास 49,600 चौरस सेंटिमीटर. 41,000 किलोला त्यानं भागलं की उत्तर येतं 0.83 किलो. ट्रकच्या साधारण नवव्या हिश्शाइतकं. ही अर्थात सरासरी. चेन लवचिक असते, त्यामुळं प्रत्येक चाकाच्या बरोबर खाली दाब जास्त पडतो आणि दोन चाकांच्या मधल्या भागात कमी. मऊ जमिनीत खरा दाब सरासरीच्या दुपटीच्याही वर जातो.

चेनचा ट्रॅक्टर मुळात शेतीसाठीच आला. कॅलिफोर्नियातल्या स्टॉकटनजवळ नदीच्या त्रिभुज प्रदेशात जमीन इतकी भुसभुशीत होती की वाफेच्या इंजिनाचे अवजड ट्रॅक्टर तिच्यात बुडत. बेंजामिन होल्टनं नोव्हेंबर 1904 मध्ये चाकं काढून त्या जागी चेन बसवली आणि ट्रॅक्टर चालला. दहा वर्षांत महायुद्ध सुरू झालं आणि ब्रिटिश लष्कर हेच होल्ट ट्रॅक्टर जड तोफा ओढायला वापरू लागलं. त्यावर पोलाद आणि तोफ चढवायची कल्पना तिथून फार लांब नव्हती.

गरज कसली होती ते बघितलं पाहिजे. 1914 सरता सरता स्वित्झर्लंडच्या सीमेपासून समुद्रापर्यंत दोन्ही बाजूंनी खंदक खणले गेले. पुढं काटेरी तारा, मागं मशीनगन, आणि मधली जमीन तोफगोळ्यांनी खड्डे पडून चिखल झालेली. पायदळ तारेत अडकलं की मशीनगन त्याला कापून काढी. साताऱ्याजवळच्या अपशिंगे गावाचे 46 जवान त्या महायुद्धात कामी आले. गावाच्या नावाला ‘मिलिटरी’ चिकटलं आहे ते उगीच नाही. आपल्या मराठा पलटणी मुख्यतः मेसोपोटेमियात लढल्या. रणगाड्याची निकड भासली ती मात्र फ्रान्स-बेल्जियमच्या आघाडीवर. तिथं हवं होतं असं वाहन, जे चिखलात बुडणार नाही, तारा तुडवेल, खंदक ओलांडेल आणि गोळ्यांना दाद देणार नाही.

इंग्लंडमधल्या लिंकन शहरात शेतीची यंत्रं बनवणाऱ्या विल्यम फॉस्टर कंपनीत ते तयार झालं. ट्रिटन आणि विल्सन हे त्याचे रचनाकार. मार्क-1 नावाचं हे धूड 28 टनांचं होतं आणि इंजिन होतं 105 अश्वशक्तीचं. टनाला पावणेचार अश्वशक्ती. वेग जेमतेम माणसाच्या चालीचा. चिलखत 6 ते 12 मिलिमीटर. आकार चौकट तिरकी केल्यासारखा, आणि चेन पूर्ण अंगावरून फिरणारी, कारण पुढचं नाक उंच असल्याशिवाय खंदकाच्या पलीकडच्या काठावर चढता येत नाही. साडेतीन मीटरचा खंदक तो ओलांडत असे.

आत आठ माणसं. इंजिन मधोमध, उघडंच. माणसं त्याच्याच भोवती. तापमान 50 अंशांपर्यंत जाई आणि एग्झॉस्टमधल्या कार्बन मोनॉक्साईडनं माणसं भोवळ येऊन पडत. वळवायला चौघं लागत: एक ड्रायव्हर, ब्रेकवर कमांडर, आणि मागं दोन्ही चेनच्या गिअरवर एकेक जण. आवाजात बोललेलं ऐकू येत नसे, म्हणून ड्रायव्हर इंजिनाच्या झाकणावर हातोडी आपटून मागच्यांना खूण करी. बाहेरून गोळी लागली की आतल्या बाजूनं पोलादाचे बारीक कण उडत, डोळे वाचवायला साखळ्यांचा पडदा असलेले मुखवटे द्यावे लागले.

15 सप्टेंबर 1916 ला सॉमच्या लढाईत ते पहिल्यांदा उतरले. 49 रणगाडे होते, सुरुवातीच्या रेषेपर्यंत 32 पोचले. बाकीचे शत्रूनं एकही गोळी झाडण्याआधीच बिघडले किंवा रुतले.

कांब्रेची लढाई जास्त बोलकी आहे. 20 नोव्हेंबर 1917. जमीन निवडून घेतली: कोरडी, तोफखान्यानं न उकरलेली. साडेचारशेहून जास्त रणगाडे. जर्मनांनी तोवर खंदक रुंद केले होते, म्हणून रणगाड्यांनी डोक्यावर काटक्यांचे दीड टनाहून जड भारे नेले आणि ते खंदकात टाकून त्यावरून पार झाले. एका दिवसात आघाडी काही किलोमीटर पुढं सरकली. त्या काळात एवढ्यासाठी महिने आणि हजारो माणसं जात. पण संध्याकाळी मोजदाद केली तेव्हा 179 रणगाडे निकामी होते. त्यातले शत्रूच्या माऱ्यानं गेलेले 65. यंत्र बिघडून बंद पडलेले 71. रुतलेले किंवा खंदकात आडवे झालेले 43. म्हणजे शत्रूपेक्षा गिअरबॉक्स आणि चिखल यांनी जास्त रणगाडे खाल्ले. हे प्रमाण पुढच्या प्रत्येक युद्धात कमीजास्त होत राहिलं, पण कुठल्याच युद्धात ते नाहीसं झालं नाही.

आजच्या रणगाड्याचा चेहरा दिला तो त्याच वर्षी आलेल्या फ्रेंच रेनॉ एफटीनं. साडेसहा टनांचा, दोन माणसांचा लहानसा रणगाडा. ड्रायव्हर पुढं, इंजिन मागं भिंतीपलीकडं, आणि मधल्या टरेटमध्ये, म्हणजे वरच्या फिरत्या बुरुजात, चौफेर फिरणारी तोफ. ही मांडणी अजून बदललेली नाही.

दुसऱ्या महायुद्धाकडं येताना एक गैरसमज काढून टाकायला हवा. 1940 च्या मे महिन्यात जर्मनीनं फ्रान्स लोळवला तो भारी रणगाड्यांच्या जोरावर नव्हे. फ्रेंचांचा शार बी-1 जर्मन रणगाड्यांपेक्षा जाड होता, 60 मिलिमीटर चिलखताचा. 16 मे ला स्टोन गावात अशा एका रणगाड्यावर 140 गोळे आदळले आणि एकही आत गेला नाही. उलट त्यानं 13 जर्मन रणगाडे फोडले. पण त्याच्या टरेटमध्ये माणूस एकच. त्यानंच शत्रू शोधायचा, गोळा भरायचा, नेम धरायचा, डागायचा, आणि वर रणगाड्याला हुकूमही द्यायचे. जर्मन पँझर-3 मध्ये या कामांना तीन माणसं होती, शिवाय प्रत्येक रणगाड्यात रेडिओ. फ्रेंचांचं दुसरं दुखणं पेट्रोलचं. 15 मे ला फ्लाव्हियोंजवळ त्यांची आख्खी चिलखती डिव्हिजन टाक्या भरत उभी असताना जर्मनांनी गाठली. रणगाडा किती जाड आहे हे विचारण्याआधी त्याच्यामागं टँकर कुठपर्यंत येतो हे विचारावं, हे तिथं कळलं.

रशियाच्या टी-34 नं वजनाचं कोडं हुशारीनं सोडवलं. पुढच्या पत्र्याची जाडी 45 मिलिमीटरच ठेवली, पण पत्रा उभ्यापासून 60 अंश मागं कलवला. सरळ येणाऱ्या गोळ्याला आता 45 भागिले 60 अंशांची कोसाइन, म्हणजे 90 मिलिमीटर पोलाद पार करावं लागतं, आणि बरेचसे गोळे तर घसरून वरच्या वर निघून जातात. कलवल्यानं पत्रा लांब होतो हे खरं, त्यामुळं वजन अगदी फुकटात वाचत नाही, आणि आतली जागा आक्रसते ती वेगळीच. पण 26 टनांत 500 अश्वशक्तीचं डिझेल इंजिन बसलं: टनाला 19 अश्वशक्ती. आणि चेन अर्धा मीटर रुंद, त्यामुळं रशियन चिखलात तो चालत राहिला.

जर्मनीचा टायगर याच्या अगदी उलट. 57 टन, पुढं 100 मिलिमीटर चिलखत, 88 मिलिमीटरची जबरदस्त तोफ. समोरासमोर त्याला तोड नव्हती. मग अडलं कुठं? वजन पेलायला मोठी चाकं एकमेकांत गुंतवून बसवली होती. दाब चांगला पसरला, पण रात्री चाकांमधला चिखल गोठून दगड होई आणि सकाळी रणगाडा हलत नसे. आतलं एक चाक बदलायचं तर बाहेरची कित्येक काढावी लागत. लढाईची चेन 72 सेंटिमीटर रुंद असल्यानं रेल्वेच्या वाघिणीबाहेर येई. म्हणून प्रवासापुरती 52 सेंटिमीटरची अरुंद चेन चढवायची, उतरल्यावर परत रुंद चढवायची. बंद पडला तर ओढायला 18 टनी तीन गाड्या. सगळे मिळून टायगर बनले साडेतेराशेच्या आसपास. अमेरिकेनं 30 टनांचे शर्मन जवळपास 50 हजार बनवले. शर्मनचं वजन एवढंच का, तर ते जहाजाच्या क्रेननं उचलता यावेत आणि तात्पुरत्या पुलांवरून जावेत म्हणून. बंदुकीच्या लढाईत शर्मन टायगरला हरे, पण टायगर बहुतेक वेळा तिथं पोचलेलाच नसे.

आता गोळा चिलखतात शिरतो कसा ते बघू. इथं गैरसमज सगळ्यात जास्त आहेत.

पहिला प्रकार निव्वळ वेगाचा. टणक धातूचा गोळा जोरात आदळवायचा. चिलखत वाढलं तसा हा गोळा बारीक आणि लांब होत गेला. आजचा गोळा म्हणजे टंगस्टनच्या मिश्रधातूचा बाण: दोन-तीन सेंटिमीटर जाड, अर्धा मीटर किंवा त्याहून लांब, वजन चार-पाच किलो, मागं पंख. नळी 120 किंवा 125 मिलिमीटरची असते आणि बाण एवढासा, म्हणून त्याच्याभोवती हलक्या धातूचे तीन तुकडे बसवतात. नळीबाहेर पडताच हवेच्या धक्क्यानं ते गळून पडतात आणि बाण सेकंदाला सुमारे 1,700 मीटर वेगानं निघतो. दोन किलोमीटरवरच्या रणगाड्यापर्यंत जायला सव्वा सेकंदाच्या आत-बाहेर. तो किती पोलाद भेदणार हे ठरतं मुख्यतः त्याची लांबी आणि घनता यावर. यात स्फोटक नसतं.

दुसरा प्रकार शेप्ड चार्ज. यात वेगाला महत्त्व नाही. स्फोटकाच्या पुढच्या तोंडाला तांब्याचा पोकळ शंकू बसवतात. स्फोट मागून सुरू झाला की शंकू मिटतो आणि तांब्याची बारीक धार पुढं उसळते. तिच्या टोकाचा वेग सेकंदाला आठ-नऊ किलोमीटर. ही धार पोलाद वितळवते असं सर्रास लिहिलं जातं, ते चूक आहे. वितळायला वेळच मिळत नाही. दाब इतका प्रचंड असतो की पोलाद बाजूला सरकून वाट देतं. गंमत अशी की हा गोळा हातानं नेऊन चिकटवला काय नि एक किलोमीटरवरून मारला काय, भेदण्याची ताकद तीच. म्हणून तो पायदळाच्या खांद्यावर आला: 1942 चा अमेरिकन बझुका, पुढं जर्मन पँझरफाउस्ट, आणि मग जगभर पसरलेला आरपीजी-7. पण धार नीट तयार व्हायला शंकू आणि चिलखत यांच्यात ठरावीक अंतर लागतं. ते बिघडवलं की काम फसतं. रणगाड्यांना जाळ्या, पिंजरे, बाजूचे पत्रे लावतात ते यासाठी.

तिसरा प्रकार इंग्रजांचा लाडका: मऊ स्फोटकाचा गोळा. तो चिलखतावर आपटून पसरतो आणि मग फुटतो. भोक पडत नाही. धक्क्याची लाट पोलादातून आरपार जाते आणि आतल्या बाजूचा पापुद्रा तुकडे होऊन आतल्या माणसांवर सुटतो. बंकर आणि इमारती फोडायलाही हा चांगला. आपल्या अर्जुन रणगाड्याला आटेवाली, म्हणजे नळीच्या आत पिळाच्या खाचा असलेली, 120 मिलिमीटरची तोफ ठेवली त्यामागं हा गोळा वापरता यावा हे एक कारण. ही तोफ पुण्यात पाषाणच्या एआरडीई प्रयोगशाळेनं तयार केली.

याला उत्तर म्हणून 1970 च्या दशकात इंग्लंडनं पोलादाच्या थरांत सिरॅमिक बसवलेलं मिश्र चिलखत आणलं. 1982 मध्ये इस्रायलनं रणगाड्यांवर स्फोटकाच्या विटा लावल्या: दोन पत्र्यांमध्ये स्फोटक, धार लागली की वीट फुटते आणि पत्रे उडून धारेला तिरके छेदतात. त्यावर उतारा म्हणून एकामागं एक दोन शंकू असलेले गोळे निघाले. पहिला विटेसाठी, दुसरा रणगाड्यासाठी. ही चढाओढ अजून थांबलेली नाही.

आपल्याकडच्या लढायांत वजनाचा हिशोब जास्त ठळक दिसतो. काश्मीरसाठी पाकिस्तानशी झालेल्या युद्धात 1 नोव्हेंबर 1948 ला जनरल थिमय्यांनी झोजी ला खिंडीत सातव्या लाइट कॅव्हलरीचे स्टुअर्ट रणगाडे चढवले. उंची साडेतीन हजार मीटर. एवढ्या उंचीवर तोवर कोणी रणगाडा लढाईत उतरवला नव्हता. स्टुअर्ट पंधरा टनांच्या आसपासचा, पण जम्मूपासून वाटेतले पूल तेवढ्यालाही पुरेसे नव्हते. टरेट काढून वेगळे नेले, पूल भक्कम केले, आणि झाकून नेल्यानं गुप्तताही राहिली. खिंडीत रणगाडा येईल हे समोरच्यांच्या ध्यानीमनी नव्हतं.

मग 1965, असल उत्तर. ही लढाई आपल्या भागातल्या शेतकऱ्याला इतरांपेक्षा लवकर समजेल, कारण ती उसाच्या रानात झाली. पंजाबात खेमकरणच्या बाजूनं पाकिस्तानची पहिली चिलखती डिव्हिजन आली ती अमेरिकन पॅटन घेऊन. 45 टनांच्या आसपासचा, 90 मिलिमीटर तोफेचा, लांबचा नेम धरण्यासाठी खास रेंजफाइंडर असलेला रणगाडा. आपल्याकडं मोजके सेंचुरियन, बाकी हलके एएमएक्स-13 आणि दुसऱ्या महायुद्धातले जुने शर्मन. डेक्कन हॉर्स या आपल्या रेजिमेंटनं बर्मात लढवलेला रणगाडा वीस वर्षांनी पुन्हा लढाईत होता. समोरासमोर मोकळ्या मैदानात हा सामना जड गेला असता.

मेजर जनरल गुरबक्ष सिंग यांच्या चौथ्या माउंटन डिव्हिजननं घोड्याच्या नालेच्या आकाराचा मोर्चा लावला आणि पुढच्या रानात कालव्याचं पाणी सोडलं. 8 ते 10 सप्टेंबरच्या तीन दिवसांत त्या चिखलात काय घडलं असेल ते पाणी दिलेल्या काळ्या रानात ट्रॅक्टर घालून बघितलेल्याला सांगायला नको. भिजलेल्या मातीची पकड जाते. चेन आधी घसरते, मग खणू लागते. रणगाड्याचं पोट जमिनीपासून जेमतेम 40-50 सेंटिमीटर वर असतं; चेन तेवढी खाली गेली की पोट टेकतं. सगळं वजन पोटावर येतं, चेन रिकामीच फिरते, आणि दाबाचा हिशोब कितीही चांगला असला तरी रणगाडा हलत नाही. अशा वेळी चालक घाबरून वळवायला जातो आणि तिथंच चेन उतरते, कारण एक चेन थांबवून दुसरी ओढली की सगळा आडवा जोर स्प्रॉकेटवर, म्हणजे चेन ओढणाऱ्या दातेरी चाकावर येतो.

बाहेर पडायचा जुना उपाय ओंडक्याचा. टी-72 च्या मागं आडवा लाकडी ओंडका बांधलेला दिसतो तो शोभेचा नाही. तो सोडून पुढं आणतात, दोन्ही चेनवर आडवा ठेवून तारेनं पक्का बांधतात, आणि पहिल्या गिअरमध्ये, अजिबात न वळवता, हळू पुढं घेतात. ओंडका चेनबरोबर खाली जातो, चिखलात टेकतो आणि रणगाडा त्यावर चढून पुढं सरकतो. मागं पोचण्याआधी थांबून तार तोडायची, नाहीतर ओंडका फिरून मडगार्ड फाडतो. हे शत्रूच्या माऱ्याखाली उघड्यावर उतरून करायचं, हे वेगळं सांगायला नको.

रुतलेल्या पॅटनच्या आजूबाजूला उभा ऊस. त्यात सेंचुरियन लपलेले, आणि जीपवरच्या 106 मिलिमीटर रिकॉइललेस तोफाही. रेंजफाइंडरचा फायदा दोन किलोमीटरवर. उसात नजर पोचते दोन-चारशे मीटर. रिकॉइललेस तोफेत गोळा पुढं जाताना तेवढ्याच जोरानं वायू मागून बाहेर सोडतात. धक्का बसत नाही, म्हणून ती जीपवर मावते. पण मागं आग आणि धुळीचा लोट उठतो, ठिकाण लगेच उघडं पडतं. एक गोळा मारायचा आणि लगेच जागा बदलायची. चौथ्या ग्रेनेडिअर्सचे हवालदार अब्दुल हमीद यांनी हेच पुन्हा पुन्हा केलं, एकामागून एक पॅटन फोडले, आणि 10 सप्टेंबरला अशाच एका गाठीत ते धारातीर्थी पडले. त्यांना परमवीर चक्र मिळालं. भारतीय नोंदींनुसार त्या लढाईत पाकिस्तानचे 97 रणगाडे गेले. बरेचसे चालू स्थितीत सोडून दिलेले सापडले. भिखीविंडजवळ ते रांगेनं उभे केले, त्या जागेला लोक पॅटननगर म्हणू लागले.

1971 मध्ये लोंगेवालाला तेच वाळूत झालं. रात्री आलेले पाकिस्तानी रणगाडे मऊ वाळूत अडकून पडले आणि उजाडल्यावर जैसलमेरहून आलेल्या हंटर विमानांनी ते टिपले. त्याच डिसेंबरात बसंतर नदीवर पूना हॉर्सचे रणगाडे सुरुंग पूर्ण निघालेले नसताना पार गेले, आणि सेकंड लेफ्टनंट अरुण खेत्रपाल 16 तारखेला तिथं लढता लढता पडले.

ऑक्टोबर 1973 मध्ये सिनाईत इजिप्तच्या पायदळानं तारेवरून चालवायची सॅगर क्षेपणास्त्रं वापरून इस्रायली रणगाड्यांचं मोठं नुकसान केलं. रणगाडे संपले, असं तेव्हाही म्हटलं गेलं. पण सॅगरला तीन किलोमीटर जायला पंचवीसेक सेकंद लागत आणि तेवढा वेळ सैनिकाला दांडी हलवत नेम धरून बसावं लागे. त्याच्या दिशेनं मशीनगन आणि तोफखाना सुरू केला की नेम हलतो. इस्रायलचे रणगाडे पायदळ आणि तोफखान्याविना एकटे पुढं गेले होते, खरी चूक तिथं होती. 1994 च्या शेवटी रशियानं ग्रोझनी शहरात तीच केली. टी-72 ची नळी वर फक्त 14 अंश आणि खाली 6 अंश जाते. चौथ्या मजल्यावरून किंवा तळघरातून आरपीजी मारणाऱ्यावर ती रोखताच येत नाही.

टी-72 चं आणखी एक वैशिष्ट्य वजनाच्याच पोटी आलं. गोळा भरणारा माणूस कमी करून यंत्र बसवलं, तीन माणसांत काम झालं, रणगाडा बुटका आणि हलका राहिला. पण त्या यंत्राचे 22 गोळे टरेटच्या बरोबर खाली चक्रात मांडलेले असतात. धार तिथवर पोचली की दारू पेटते आणि टरेट उडून जातो. अमेरिकन अब्राम्समध्ये गोळे मागच्या वेगळ्या कप्प्यात, वर मुद्दाम कमजोर ठेवलेली झाकणं. पेटलंच तर आग वरून निघून जाते. त्याची किंमत म्हणजे चौथा माणूस, मोठा टरेट आणि साठ टनांच्या वर गेलेलं वजन.

2022 पासून युक्रेनमध्ये वरून येणारी क्षेपणास्त्रं आणि काही शे डॉलरांचे ड्रोन रणगाड्याच्या डोक्यावर मारा करत आहेत. मग छतच जाड का करत नाहीत? हिशोब करून बघा. एक चौरस मीटर पोलादाचा एक सेंटिमीटर जाडीचा पत्रा साडे-अठ्ठ्याहत्तर किलो भरतो. रणगाड्याची वरची बाजू 15 चौरस मीटर धरली आणि छत 10 सेंटिमीटरनं वाढवलं, तर वजन पावणेबारा टनांनी वाढलं. इंजिन, गिअरबॉक्स, सस्पेन्शन सगळं नव्यानं करावं लागेल, आणि एवढं करून आरपीजीचा साधा गोळाही पाव मीटरहून जास्त पोलाद भेदतो. म्हणून मग जाळ्या, रेडिओ जॅमर, आणि येणारा गोळा हवेतच फोडणाऱ्या यंत्रणा. जॅमरला न जुमानणारे, मागं काचतंतूची तार सोडत जाणारे ड्रोनही आले आहेत.

पुणे-बंगळूर महामार्गावर लष्कराचा ताफा दिसला तर गाडीच्या पुढं पिवळ्या गोलातला आकडा बघा. कोणत्या दर्जाच्या पुलावरून ती गाडी जाऊ शकते ते त्यावरून कळतं. अर्जुन मार्क-1ए चं वजन 68 टन आहे. इंजिन 1,400 अश्वशक्तीचं, म्हणजे टनाला साडेवीस. चाल झकास आहे, चिलखत आणि तोफही. पण सांगलीच्या 1929 सालच्या आयर्विन पुलासारखे पूल सीमेकडच्या रस्त्यांवर असतील, तर असा रणगाडा नेण्याआधी प्रत्येक पूल तपासावा लागतो. 46 टनी टी-90 ला हा प्रश्न कमी. डिझेलचं म्हणाल तर टी-72 लाच किलोमीटरला अडीच लिटरच्या आसपास लागतं.

लडाखमध्ये गणित आणखी कडक होतं. पँगाँगच्या उंचीवर हवेचा दाब समुद्रसपाटीच्या साठ टक्क्यांजवळ येतो, इंजिनाला श्वास कमी पडतो, थंडीत सुरू करायलाच वेळ लागतो. डीआरडीओ आणि एल अँड टी यांनी 25 टनांचा झोरावर बनवला तो यासाठी. तोफ 105 मिलिमीटरची. डिसेंबर 2024 मध्ये 4,200 मीटरपेक्षा जास्त उंचीवर त्यातून गोळे डागून बघितले. चिलखत अर्थातच पातळ आहे. त्याला टी-90 सारखं वापरायला गेलं तर तो टिकणार नाही.

हे सगळं हातानं चाचपून बघायचं तर अहिल्यानगरचं रणगाडा संग्रहालय आहे, चिलखती दलाच्या प्रशिक्षण केंद्राचं. सेंचुरियन, पॅटन, एएमएक्स-13, विजयंता असे एकाशेजारी एक उभे आहेत. आधी चेनची रुंदी वितीनं मोजा आणि फलकावरच्या वजनाशी ताडून बघा. मग पुढच्या पत्र्याचा कल बघा. एखाद्या युद्धात सापडलेल्या रणगाड्यावर भोक दिसलं तर जवळ जा. तोफेच्या नळीएवढं रुंद, कडा गुळगुळीत पण बाहेर वळलेल्या असतील तर साधा भेदक गोळा. अंगठ्या-दोन अंगठ्यांएवढं बारीक, कडा वेड्यावाकड्या, आजूबाजूला तांबूस डाग, तर शेप्ड चार्ज. बारीक भोकाभोवती चांदणीसारखे ओरखडे दिसले तर ते बाणाच्या पंखांचे, पण असं भोक त्या जुन्या रणगाड्यांवर सहसा सापडणार नाही. तो गोळा त्यांच्यानंतर आला.